पांढरी सहा

"ती पट्टी राहू द्या," पोस्टमाबाई तिसऱ्यांदा म्हणाल्या.

पद्माकर तेव्हा फरशीवर आडवा पडून, पायपेटीच्या पोटात टॉर्चचा झोत फिरवत होता. सिंगापूरच्या दमट हवेने भात्याचे कापड कुजवले होते. पायट्यांचे पट्टे सैल झाले होते आणि पितळी सुरांवर, म्हणजे स्वर काढणाऱ्या जिभल्यांवर, हिरवट बुरा चढला होता. एकसष्ट पट्ट्यांपैकी साठ पट्ट्यांचे सूर आपापल्या खणात होते. मधल्या सप्तकातल्या पांढऱ्या सहाचा, म्हणजे सहाव्या पांढऱ्या पट्टीचा, खण मात्र रिकामा होता. तिथे सूर मोडलेला नव्हता, गंजलेला नव्हता. तिथे तो नव्हताच.

"लहानसं काम आहे बाई. बसवून टाकतो," तो आतूनच म्हणाला.

"बरीच वर्षं तशीच आहे. राहू द्या."

बोलणे इंग्रजीत चालले होते, पण पद्माकरच्या कानात त्याचे आपोआप मराठी झाले आणि मराठीबरोबर मिरजही आली. मिरजेत पंगतीत कुणी पानावर हात आडवा धरून "राहू द्या, राहू द्या" म्हटले, म्हणून वाढणारा पुढे जात नसे. तिसऱ्या नकारानंतर तर हमखास वाढायचे असते. अंधारात तो स्वतःशीच हसला. परक्याला किती त्रास द्यायचा याचा म्हातारीला संकोच वाटतो आहे, असे तो धरून चालला.

नव्वदी गाठलेल्या या डच बाई मरीन परेडच्या एका ब्लॉकमध्ये अकराव्या मजल्यावर एकट्याच राहत होत्या. एकसष्ट साली एका मिशनच्या मुलींच्या शाळेत गणित शिकवायला म्हणून त्या आल्या. पुढे वडील गेल्यावर त्यांची ही पायपेटी बोटीतून मागवून घेतली, आणि मग परत जायचे राहूनच गेले. आता महिनाअखेरीला फ्लॅट सोडून त्या नर्सिंग होममध्ये जाणार होत्या. तिथे एक पलंग, एक कपाट आणि एक खुर्ची एवढीच जागा होती. सेंगकांगमधल्या एका लहानशा चर्चने पायपेटी आपल्या प्रार्थनेच्या हॉलसाठी घ्यायची तयारी दाखवली होती. त्या चर्चच्या मिसेस लिम या पोस्टमाबाईंच्या जुन्या विद्यार्थिनी. तिथे ती गेली नाही, तर त्याआधीच्या सोमवारी जुने सामान उचलणारी माणसे तिला खाली नेणार होती. बाईंच्याच मजल्यावर राहणाऱ्या अनघाने महाराष्ट्र मंडळाच्या ग्रुपवर लिहिले, "इथे एका आजींची पायानं वाजवायची पेटी आहे, कुणाला दुरुस्त करता येईल का?" आणि पाच मिनिटांत सगळ्यांनी पद्माकरचे नाव सुचवले.

सगळ्यांना त्याची तेवढीच ओळख होती. बुकित बातोकमधल्या एका व्हॉल्व्ह बनवणाऱ्या कारखान्यात तो एकोणीस वर्षे तपासनीस होता. तयार व्हॉल्व्ह हातात घ्यायचा, दाब लावून पाहायचा, तपकिरी पुठ्ठ्याच्या टॅगवर काय आढळले ते लिहायचे, खाली सही करायची आणि टॅग तारेने बांधायचा, हे त्याचे काम. स्वतःचा हात लागल्याशिवाय त्याने कधी सही केली नाही. यामुळे तो दोनदा बढतीला मुकला आणि एकदा नोकरी जाता जाता वाचला. याची फुशारकी त्याने घरीही मारली नव्हती. गणपतीत आरत्यांना पेटी वाजवायची, कुणाची बिघडली तर दुरुस्त करून द्यायची, एवढीच काय ती त्याची हौस. त्याचे वडील, अण्णा, मिरजेत एका बोळात पेट्या बनवत आणि दुरुस्त करत. स्वतः बनवलेली एकच पायपेटी त्यांनी विकली नाही. ती आता पद्माकरच्या बैठकीच्या खोलीत सोफ्याशेजारी होती. तन्मय, त्याचा मुलगा, तिला पाय अडखळला की दर वेळी सिंगापुरी इंग्रजीत म्हणे, "बाबा, जस्ट बाय अ कीबोर्ड लाह."

चार शनिवार पद्माकर एमआरटी मेट्रोने मरीन परेडला गेला. भात्याला नवे कापड चढवले, पायट्यांचे पट्टे बदलले, एकेक सूर हुकाने ओढून काढून घासला आणि पुन्हा बसवला. बाई खुर्चीत बसून पाहत. शाळेतल्यासारख्या ताठ. मधूनच चहा देत आणि तो पूर्ण पिऊन झाल्याशिवाय त्याला हत्याराला हात लावू देत नसत. त्या फार बोलत नसत. त्याच्या घरात देव आहेत का, असे एकदा विचारले. आहेत म्हटल्यावर "छान" म्हणाल्या आणि तो विषय पुन्हा कधी काढला नाही.

चौथ्या शनिवारी मिसेस लिमचा फोन आला. त्यांनी स्वच्छ सांगितले, की मागे दान आलेल्या एका पियानोच्या नऊ पट्ट्या मुक्या निघाल्या, तेव्हापासून कमिटी कडक झाली आहे. सगळ्या पट्ट्या वाजल्या पाहिजेत. तुम्ही तपासणीतले माणूस आहात, तसे लिहून द्या. पुढच्या शनिवारी अकरा वाजता मी स्वतः येऊन पाहीन.

मिरजेहून सूर मागवायचा तर तीन आठवडे लागणार. हाताशी सात दिवस होते. पद्माकर दोन दिवस नुसताच सोफ्याशेजारच्या पायपेटीकडे पाहत राहिला. मंगळवारी कामावरून आल्यावर त्याने तिचे झाकण उघडले.

"अहो, अण्णांच्या पेटीला हात लावताय?" शैलाने विचारले.

"एकच सूर."

"मग परत कधी बसवणार?"

दोन्ही वाद्यांची घडण वेगळी होती. अण्णांची पेटी हवा बाहेर ढकलून बोलायची आणि बाईंची हवा आत ओढून. त्या खणात बसवायचा तर सुराच्या दोन्ही कडा घासाव्या लागणार होत्या, आणि एकदा घासलेला सूर पुन्हा अण्णांच्या खणात ढिला पडणार होता. हे शैलाला सांगितले असते तर तिने त्याला थांबवले असते. तो थांबलाही असता. म्हणून तो बोलला नाही. दोन संध्याकाळी स्वयंपाकघरामागच्या गॅलरीत, वाळत घातलेल्या कपड्यांखाली बसून, त्याने अण्णांच्या हातचे पितळ कानशीने केसाकेसाने उतरवले.

शनिवारी तो नऊ वाजताच पोचला. बाई आत आवराआवर करत होत्या, तेवढ्यात त्याने सूर खणात सरकवला. बसला. जणू त्याच मापाचा. त्याने पुढची फळी लावली, हात पुसले आणि बाईंना हाक मारली.

"एकदा वाजवून पाहा."

बाई हळूहळू येऊन बसल्या. चपला काढून पाय पायट्यांवर ठेवले. भाता भरला. मग त्यांनी एक स्तोत्र सुरू केले, संथ, घरातल्या वाटेवरून अंधारातही चालावे तसे. पांढऱ्या सहापाशी बोट आले आणि इतकी वर्षे जिथून फक्त वारा निसटत होता, तिथून स्वर आला. भरलेला, थोडा अनुनासिक, मिरजेचा.

बाईंचे दोन्ही हात पट्ट्यांवरून उचलले गेले. पाय मात्र चालतच राहिले. थोड्या वेळाने त्यांनी एकाच बोटाने ती एक पट्टी दाबली आणि दाबूनच धरली. खाली ईस्ट कोस्टच्या रस्त्यावरची वाहने, शेजारच्या घरातला टीव्ही, या सगळ्याच्या वर तो एकच स्वर कितीतरी वेळ उभा होता. पद्माकर आनंदाच्या शब्दाची वाट पाहत होता.

"हा कुणाचा?" त्यांनी विचारले.

"माझ्या वडिलांच्या पेटीतला."

बाईंनी बोट उचलले. पट्ट्यांवरचे झाकण दोन्ही हातांनी खाली घेतले आणि त्यावर हात तसेच ठेवून, त्याच्याकडे न पाहता त्या बोलू लागल्या.

हॉलंडच्या फ्रीसलंड प्रांतातल्या एका खेड्यात त्यांचे वडील शाळामास्तर होते आणि रविवारी चर्चमध्ये ऑर्गन वाजवत. घरी जेवणानंतर आधी बायबलचे वाचन आणि मग या पायपेटीवर एक स्तोत्र, हा रोजचा नेम. त्रेचाळीस साली मे महिन्यात कॉलेजात शिकणारी एक विद्यार्थिनी आगगाडीने एका पाच वर्षांच्या मुलीला घेऊन आली. मुलीचे नाव मिर्यम. जर्मनांनी ज्यू आईबापांना पकडून नेले, की त्यांची मुले अ‍ॅमस्टरडॅमच्या एका पाळणाघरात छावणीकडे जाणारी गाडी येईपर्यंत ठेवत. तिथून काही माणसे एकेक मूल चोरून बाहेर काढत. मास्तरांना त्या विद्यार्थिनीने विचार करायला संध्याकाळपर्यंत वेळ दिला होता. त्यांनी तो घेतला नाही. मुलीचा कोट काढून खुंटीला अडकवला आणि ताटे मांडायला सांगितले. गावात सांगितले, की रॉटरडॅमच्या बॉम्बफेकीत पोरकी झालेली भाची आहे.

"मी नऊ वर्षांची होते," बाई म्हणाल्या. "मला वाटलं, आपल्याला बहीण मिळाली."

जेवणानंतर प्रत्येकाने बायबलमधल्या दोन ओळी वाचायच्या असत. मिर्यमला अक्षरे येत नव्हती. आई वाचे आणि ती मागून म्हणे. तिची पाळी येणार म्हणून मास्तरांनी त्या नऊ महिन्यांत पुस्तकाचा मागचा, येशूच्या कथेचा भाग उघडलाच नाही. जो भाग तिच्या माणसांचाही होता, तेवढाच त्या घरात वाचला गेला. पाद्रीसाहेबांना खरे काय ते ठाऊक होते. ते एकदा येऊन म्हणाले, पोरीला बाप्तिस्मा देऊ या, कागद तयार होतील, तीही सुरक्षित राहील आणि तिच्या आत्म्याचेही भले होईल. मास्तर अतिशय श्रद्धाळू. पाद्रीसाहेबांसमोर कधी आवाज चढवलेला नाही. त्या दिवशीही चढवला नाही. खोटे कागद लागले तर खोटेच करू, म्हणाले. मात्र ही आपल्याकडे ठेव आहे. जशी दिली, तशीच परत करायची आहे.

"आणि ती पट्टी?" पद्माकरने हळूच विचारले.

मास्तर वाजवत असताना मिर्यम त्यांच्या गुडघ्याला टेकून उभी राही. मधली ती एक पट्टी तिच्या नाकासमोर येई. स्तोत्र संपले की एका बोटाने ती दाबायची, हा तिचा हक्क. तिने दाबल्याशिवाय घरात "आमेन" म्हणत नसत. चव्वेचाळीसच्या फेब्रुवारीत शेजारच्या गावात धरपकड झाली. मिर्यमला लगेच हलवायला हवे होते. भर दुपारी एक शेतकरी सायकल घेऊन दारात उभा, आणि पोर पायपेटीला मिठी मारून बसलेली. आईने समजावले, नऊ वर्षांच्या यान्केने, म्हणजे बाईंनीच, स्वतःची बाहुली दिली. काही उपयोग झाला नाही. तेव्हा मास्तर उठले, पुढची फळी काढली आणि हुकाने तो एक सूर ओढून तिच्या तळहातावर ठेवला. म्हणाले, हा तुझ्याकडे राहू दे. याच्यावाचून पेटी अपुरी आहे. लढाई संपली की परत आणून दे. आम्ही दुसरा बसवणार नाही.

"तेव्हा तिनं मिठी सोडली. परत यायचं असेल तर आधी जावं लागतं, हे तिला पटलं."

तीन आठवड्यांनी, जिथे तिला लपवले होते त्या शेतावर धाड पडली. शेतकरी परत आला नाही. लढाई संपल्यावर मास्तर दोन वर्षे पत्रे लिहीत होते. शेवटी एक यादी आली. नाव, जन्मतारीख, गाडीची तारीख, आणि तीन दिवसांनंतरची आणखी एक तारीख.

"मी गणित शिकवत असे," बाई म्हणाल्या. "मला आकडे कळतात. ती येणार नाही, हे मला वयाच्या तेराव्या वर्षापासून माहीत आहे. वडिलांनाही माहीत होतं. जवळच्या लेउवार्डन शहरात दुकानात तसा सूर सहज मिळत होता. त्यांनी मरेपर्यंत आणला नाही. रोज वाजवताना तिथे बोट ठेवत. वारा जाई. आम्ही थांबत असू. मग आमेन."

आपण काय भरून काढले, हे पद्माकरला आता दिसत होते.

"तुम्ही तीनदा सांगितलंत," तो म्हणाला. "मला वाटलं, तुम्ही संकोचाने..."

"मी फक्त सांगितलं. कारण सांगितलं नाही. साठ वर्षांत इथे कुणालाच सांगितलं नाही. चूक माझीही आहे." त्यांनी झाकणावरून हात फिरवला. "तुमच्या वडिलांचा सूर चांगला आहे, मिस्टर पद्माकर. पण ती आली, तर तिचा कुठे ठेवेल?"

घड्याळात साडेदहा झाले होते. मिसेस लिम काय म्हणाल्या, ते पद्माकरने त्यांना सांगितले. सगळ्या पट्ट्या वाजल्या नाहीत तर सोमवारी पेटी कचऱ्यात जाईल, हेही सांगितले. ते सांगणे त्याचे काम होते. बाईंनी शांतपणे ऐकून घेतले.

"मग जाईल," त्या म्हणाल्या. "काढा."

त्याने फळी काढली. हुक घातला. घासून घासून बसवलेला सूर इतक्या सहज बाहेर आला, की त्याला अण्णांचा हात आपल्या हातावर असल्यासारखे वाटले. सूर खिशात टाकून त्याने पिशवीतून एक तपकिरी टॅग काढला आणि खिडकीशी उभे राहून, कारखान्यात लिहायचा तशा सुट्या इंग्रजी अक्षरांत, बराच वेळ लिहीत राहिला.

मिसेस लिम अकराला पाच कमी असताना आल्या. साठीच्या, आखूड केसांच्या, हातात फाइल. बाईंसमोर येताच मात्र त्या फाइल काखेत मारून वर्गातल्या मुलीसारख्या उभ्या राहिल्या. मग कामाला लागल्या. डावीकडून एकेक पट्टी दाबत निघाल्या. पद्माकर पायटे चालवत होता. मधल्या सप्तकात पांढऱ्या सहावर बोट पडले. वारा गेला. त्यांनी पुन्हा दाबली. पुन्हा वारा.

त्यांनी त्याच्याकडे पाहिले. या एका क्षणी तो सांगू शकत होता, की हवा बदलली की बोलेल, एक आठवडा जाऊ द्या. लोक असे सांगत. त्याने टॅग पुढे केला.

त्यावर लिहिले होते: पट्ट्या एकसष्ट. तपासल्या एकसष्ट. साठ बोलतात. मधल्या सप्तकातील एक सूर फेब्रुवारी १९४४ मध्ये मिर्यम, वय पाच, हिच्याकडे सोपवलेला आहे. ती परत आणेपर्यंत जागा रिकामी ठेवावी. दुसरा बसवू नये. वाद्यात दोष नाही. खाली सही आणि तारीख.

मिसेस लिमनी तो एकदा वाचला. चष्मा काढून पुसला आणि पुन्हा वाचला. मग बाईंकडे वळून, अगदी खालच्या आवाजात, ही मिर्यम कोण, असे विचारले. बाईंनी तीन वाक्यांत सांगितले. दुसऱ्यांदा सांगताना गोष्ट लहान झाली होती, जणू आता तिला एकटीने सगळे उचलावे लागत नव्हते. मिसेस लिमनी ती पट्टी तिसऱ्यांदा दाबली आणि वारा पूर्ण संपेपर्यंत बोट तसेच ठेवले.

"नेव्हर माइंड लाह," त्या म्हणाल्या. "दॅट वन, वी सिंग."

तेवढा एक आम्ही गाऊ. कमिटीशी त्या बोलणार होत्या. ज्या आवाजात त्यांनी हे सांगितले त्यावरून कमिटीचे काही चालेलसे वाटत नव्हते. टॅग त्यांनी फाइलमध्ये घातला नाही. पद्माकरच्या हातून तार घेऊन तो स्वतः पेटीच्या आत, रिकाम्या खणाशेजारी बांधला.

सोमवारी चर्चची माणसे येऊन पायपेटी जपून घेऊन गेली. बाईंना न्यायला मिसेस लिमची गाडी गुरुवारी येणार होती. पद्माकरने कारखान्यातून अर्ध्या दिवसाची रजा काढली. रिकाम्या फ्लॅटमध्ये भिंतीवर पेटीएवढा एक उजळ चौकोन उरला होता. बाई कोट घालून खुर्चीत बसल्या होत्या. इथल्या उकाड्यात कोट घातलेले माणूस त्याने पहिल्यांदाच पाहिले. उठायची वेळ झाली तरी त्या उठेनात. त्यांचा हात खुर्चीच्या दांड्यावर घट्ट आवळलेला होता. मिसेस लिम दारात उभ्या राहून लिफ्टकडे पाहत राहिल्या.

पद्माकर खाली बसला. खिशातून तो सूर काढून त्याने बाईंच्या दुसऱ्या तळहातावर ठेवला.

"हा माझ्या पेटीतला आहे," तो म्हणाला. "तिथली जागा आता रिकामी आहे. बुकित बातोकला आमच्या घरी याल, तेव्हा परत आणून द्या."

बाईंनी पितळाच्या त्या तुकड्याकडे पाहिले. मग त्याच्याकडे. कितीतरी वेळ. गणिताच्या बाईंच्या नजरेतून उत्तरातले काहीच सुटले नव्हते. त्यांनी मूठ मिटली. खुर्चीच्या दांड्यावरचा हात सुटला.

"आणीन," त्या म्हणाल्या, आणि उठल्या.

रविवारी संध्याकाळी पद्माकर अण्णांच्या पेटीवर बसला. एक जुने भजन धरले. पांढऱ्या सहावर बोट आले तेव्हा नुसता वारा गेला. त्याने थांबून तो जाऊ दिला आणि पुढची ओळ घेतली.

"अहो, ते कानाला कसंतरीच लागतंय," शैला आतून म्हणाली. "मिरजेहून नवा मागवू या का?"

"नको."

शैला पदराला हात पुशीत दारापर्यंत आली, त्याच्या पाठीकडे पाहत क्षणभर उभी राहिली. तिने आग्रह केला नाही.